अलिबागची तारीख

"खालची ओळ वाचा," डॉक्टर गुप्ते म्हणाले.

मी वाचली.

"त्याच्या खालची."

तीही वाचली. सगळ्यात खाली, तक्त्याच्या कडेला, छापखान्याचं नाव होतं. तेही वाचून दाखवलं. डॉक्टर हसले. माझ्या मागे स्टुलावर बसलेले माझे सासरे मात्र हसले नाहीत.

"ह्याच्याहून बारीक अक्षरांचा तक्ता नाय का तुमच्याकडे?" नानांनी विचारलं.

"नाना, ह्याहून बारीक वाचायला घारीचे डोळे लागतात. तुमच्या सुनेची नजर उत्तम आहे."

"उत्तम कशी असेल? डोळे आखता येईनासे झालेत तिला!"

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. माझ्याबद्दल बोलणं चाललं होतं, पण त्याच्याशी माझा काही संबंध आहे असं मला वाटत नव्हतं.

ही गोष्ट तीसेक वर्षांपूर्वीची. पेणला आमचा गणपतींचा कारखाना होता, अजून आहे. कारखाना म्हटलं की लोकांना धुराडं दिसतं. आमचा म्हणजे घरामागची लांबलचक पडवी, वर पत्रे, भिंतींना फळ्या आणि फळ्यांवर बाप्पा. माती मळणारे वेगळे, साच्यातून मूर्ती काढणारे वेगळे, घासणारे आणि रंगवणारे वेगळे. सगळ्यांचं उरकलं की शेवटी डोळ्यांची आखणी. भुवया, पापण्या, बुबुळ आणि त्यातला तो पांढरा ठिपका. हे काम एकाच हाताचं. आधी माझ्या सासूबाई करायच्या, माई. त्या गेल्यावर ब्रश माझ्याकडे आला. लोक म्हणायचे, शैला बरी आखते. खोटा विनय कशाला, मी चांगलीच आखायचे. दादरचे व्यापारी 'म्हसकरांकडचे डोळे' म्हणून आमच्या मालाला चार पैसे जास्त द्यायचे.

आणि त्या वर्षी आषाढ लागला तरी फळ्यांवर उभ्या असलेल्या एकाही मूर्तीला डोळे नव्हते.

त्याआधी वैशाखात एक मूर्ती परत आली होती. परदेशी जाणारा माल लवकर निघतो, त्यातली. व्यापारी भला माणूस, हातातल्या हातात रुमाल चुरगाळत नानांना म्हणाला, "नाना, रंग झकास, सोंड झकास. पण बाप्पा खिन्न दिसतो हो." नानांनी मूर्ती उजेडात नेली, न्याहाळली आणि आत नेऊन उलटी ठेवली. आमच्या धंद्यात असं धरून चालतात की आखणी करणाऱ्याचं मन प्रसन्न हवं, नाहीतर मूर्ती त्याच्या नजरेनं बघते. घरात भांडण झालं तर माई त्या दिवशी ब्रशला हात लावायच्या नाहीत. तेव्हा म्हसकरांच्या सुनेचं मन ठिकाणावर नाही असं एकदा बाहेर फुटलं असतं, तर आमचा माल कुणी उचलला नसता. म्हणून नानांना आजार हवा होता तो डोळ्यांचा. चश्म्यानं भागेल असा.

"ताई, झोप लागते का?" डॉक्टर गुप्त्यांनी मला विचारलं.

"लागते. जरा जास्तच लागते."

"जेवणाला चव?"

मी पुन्हा कॅलेंडरकडे पाहिलं. डॉक्टर नानांकडे वळून हळू आवाजात म्हणाले, "अलिबागला दर शनिवारी मुंबईहून कर्णिक बाई येतात. डॉक्टर आहेत. त्यांना एकदा दाखवा."

"डोळ्यांच्या?"

"डोळ्यांच्या नाही."

नाना उठलेच. "तुम्ही आपला चश्मा द्या."

"अहो, नंबरच नाही तर कसला चश्मा देऊ?"

"बिननंबराचा द्या!"

अशा रीतीनं मी साध्या काचांचा चश्मा लावून घरी आले. आळीतल्या बायकांनी तो मला शोभतो असंही सांगितलं.

डोळ्यांना काहीच झालं नव्हतं. मूर्ती समोर घेऊन बसले की मला सगळं लख्ख दिसायचं. गालावरचा ब्रशचा केससुद्धा. ब्रश रंगात बुडवायचे आणि हात तिथंच थांबायचा. बुबुळ इथं काढलं काय आणि तिथं काढलं काय, सगळं सारखंच वाटायचं. रंग वाळून जायचा. सकाळी मला हलवून हलवून उठवावं लागायचं, आणि उठले तरी दुपारी जेवणं झाली की पुन्हा आडवी. मृणाल, माझी लेक, शाळेतून येऊन काहीबाही सांगायची, तिचे ओठ हलताना दिसायचे. पोरगी सांगायची थांबायची तेव्हा आपण हसायला हवं होतं हे ध्यानात यायचं. मला वाईटसुद्धा वाटत नव्हतं. वाईट वाटलं असतं तर बरं वाटलं असतं, असं आता म्हणते. तेव्हा तेवढंही कळत नव्हतं.

कारणं मात्र लोकांनी भरपूर आणून दिली. नानांची बहीण म्हणाली, दृष्ट लागली. तिनं मिरच्या ओवाळल्या, त्या अशा काही तडतडल्या की सगळं घर खोकत बसलं. कुणी म्हणालं उष्णता आहे, सब्जा घे. कुणी म्हणालं दुसरं मूल होऊ द्या, कामाला लागेल. सगळ्यांचं मिळून एक होतं: "तुला कमी काय आहे गो?" खरंच काही कमी नव्हतं. नवरा मारत नव्हता, सासरा टाकून बोलत नव्हता, धंदा चालत होता. तेच तर मला कुणाला सांगता येत नव्हतं. ज्याला कमी काही नाही त्यानं तक्रार तरी कशाची करायची?

एका दुपारी माझे यजमान, रमाकांत, मुंबईला माल पोचवून आले. मी कारखान्यात फळ्यांसमोर बसले होते, चश्मा लावून. ते शेजारी पाटावर बसले. रमाकांत म्हणजे गरीब स्वभाव. रागावायचं झालं तर आधी दार लावून घेतील, मग दारावर रागावतील.

"शैला," ते म्हणाले, "कुणी काही बोललं का तुला?"

"नाही."

"माहेरी जायचंय?"

"नाही."

"मग काय हवंय? काहीही सांग."

मी खूप विचार केला. त्यांनी इतक्या मनापासून विचारलं होतं, काहीतरी मागायला हवं होतं. शेवटी जे होतं ते सांगितलं. "मला मरायचं वगैरे नाही हो. पण मी नसते तर बरं झालं असतं, असं वाटतं. सकाळी उठवता ना तुम्ही, तेव्हा वाटतं, कशाला उठवलंत."

रमाकांत जवळ सरकले. माझा हात हातात घेऊन बसून राहिले. त्यांच्या हाताला डिझेलचा वास येत होता. मग ते उठून तडक नानांकडे गेले. मधे नुसती कुडाची भिंत. मला सगळं ऐकू येत होतं.

"नाना, तिच्या डोळ्यांना काही झालेलं नाही. तिचं मन आजारी आहे."

"मनाला काय धाड भरलीय?"

"ते मला काय माहीत! डॉक्टर सांगतील. ती काय म्हणाली ठाऊक आहे?" आणि मी बोलले ते त्यांनी शब्दाला शब्द सांगितलं.

भिंतीपलीकडून नानांच्या येरझारा ऐकू आल्या. कितीतरी वेळ येत राहिल्या. मग ते म्हणाले, "तू सुरतेचा माल घेऊन जा. तो थांबवता यायचा नाय. तिला मी नेतो शनिवारी."

तोवरचे दिवस नाना माझ्या खोलीच्या दाराबाहेर बसून शाडूची माती चाळत होते. माती चाळायची जागा कारखान्याच्या पार मागे, विहिरीपलीकडे. हे महाशय माजघरात चाळण घेऊन बसलेले, आणि घरभर पांढरी धूळ. कामाची बाई कटकट करून दमली.

"इथं कशाला चाळताय नाना?" मी विचारलं.

"वारा चांगला लागतो इथं."

वाऱ्याचं नाव नव्हतं. मी पाणी प्यायला उठले तरी त्यांची चाळण थांबायची आणि मी परत येऊन आडवी झाले की सुरू व्हायची.

शनिवारी आम्ही एसटीनं निघालो. पनवेलही तेवढंच जवळ, तिथं डॉक्टरही पुष्कळ, पण पनवेलला पेणचं माणूस पावलापावलावर भेटतं. अलिबागला तसं नाही, असा नानांचा हिशोब. स्टँडवरच आळीतल्या सुमनताई भेटल्या.

"सासरा-सून कुठं निघालात?"

"अलिबागला. कोर्टाची तारीख हाय," नानांनी ठोकून दिलं.

"अजून चालूच आहे का ठोसरांवरचा दावा?"

"चालू हाय."

दावा केव्हाच निकालात निघाला होता. बापू ठोसरांचा कारखाना आमच्याच आळीच्या दुसऱ्या टोकाला. नाना आणि बापू लंगोटीयार. पण एका वर्षी आमच्या लोडाला टेकलेल्या गणपतीसारखा हुबेहूब गणपती ठोसरांच्या फळीवर उभा राहिला. नाना म्हणाले, माझ्या मूर्तीवरून चोरून साचा काढला. बापू म्हणाले, लोडाला टेकायला देवाला तुझी परवानगी लागते काय. प्रकरण कोर्टात गेलं, दोघांनी वकिलांची घरं भरली आणि दावा दमून आपोआप बंद पडला. अबोला मात्र ठणठणीत होता. समोरून बापू आले की नाना रस्ता ओलांडायचे, मग तिकडे चिखल असो की गाढवं.

कर्णिक बाई एका जुन्या घराच्या दोन खोल्या भाड्यानं घेऊन बसायच्या. बाहेर ओटीवर बाकं, त्यावर माणसं. मला वाटलं होतं तिथं कुणी ओरडत असेल, कुणाला बांधून आणलं असेल. तसं काही नव्हतं. एक शाळामास्तरीण दिसणाऱ्या बाई स्वेटर विणत होत्या. एक पोलीस गणवेशातच पेंगत होता. एका लग्नाळू मुलाला त्याचे वडील केळं सोलून देत होते. आणि कोपऱ्यातल्या बाकावर, छत्री शेजारी आडवी टाकून, बापू ठोसर बसले होते.

मी पुढच्या बाकावर टेकले, नाना मात्र दारातच थिजले. त्यांचे कान लाल झाले.

"पाळत ठेवतोस काय रे माझ्यावर?"

"हळू बोल," बापू म्हणाले. "त्या पोलिसाला आत्ताच डोळा लागलाय."

"कोणाला घेऊन आलायस?"

"मलाच."

नाना हसले. चांगलं हसणं नव्हतं ते. "तुला काय धाड भरलीय? भजनात सगळ्यात मोठा आवाज तुझा. आरतीला पेणभर हिंडतोस."

"ते संध्याकाळचं. सकाळी बघितलायस काय मला कधी? आंघोळीला उठायचं म्हणजे डोंगर चढायचा वाटायचा. नातू झाला, त्याच्या बारशाला मी कारखान्यात जाऊन मूर्तींच्या मागं रडत बसलो होतो. पेढे वाटायचे सोडून."

"कशासाठी?"

"तेच कळत नव्हतं ना! कारण सापडलं असतं तर त्याला धरून बडवलं नसतं काय मी?" बापूंनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "आता बरा हाय. गोळी घेतो. महिन्यातून एकदा येतो, बाईंशी बोलतो, वाटेत पोयनाडला उतरून पांढरे कांदे घेतो नि घरी जातो. घरी सांगितलंय, कोर्टाची तारीख असते."

मला त्या अवस्थेतसुद्धा क्षणभर गंमत वाटली.

"आपल्याकडचे पुष्कळ येतात इथं," बापू आवाज आणखी खाली आणून म्हणाले. "नावं नाय सांगायचा मी. कोणी दाताला येतो म्हणून सांगतो, कोणी मांडव्याला बोट बघायला. आपल्या आळीतून चालताना दारं मोजावीशी वाटतात मला. ह्या घरातला एक, त्या घरातली एक. नि सगळ्यांना वाटतं, आपण एकटेच."

ह्यावर नाना बसतील असं मला वाटलं होतं. ते उलट माझ्याकडे वळले. "चल सूनबाई. परतीची एसटी मिळेल अजून."

"नाना..."

"उद्या पेणात गवगवा होईल, म्हसकरांची आखणी करणारी वेड्यांच्या डॉक्टरकडे जाते. दादरचा एक माणूस माल उचलायचा नाय. चल."

"मी सांगेन?" बापूंनी विचारलं. आता तेही उठून उभे राहिले होते, आणि लहानपणासारखी नानांना नावानं हाक मारत होते. "पुरुषोत्तम, मी सांगेन होय रे? नि समजा सांगितलं, तर लोक विचारतील ना, बापू, तुला ती कुठं भेटली?"

हट्टी माणसाला उत्तर लागतं कुठं? ते पायरी उतरून अंगणात उभे राहिले आणि छत्री उघडू लागले. मी उठावं म्हणून ते वाट बघत होते. मी उठले नाही.

त्या दिवसांत मला काही हवंसं वाटलेलं नव्हतं. चहा नाही, झोपसुद्धा नाही, ती आपोआप यायची. आणि त्या बाकावर बसल्या बसल्या मला वाटलं, बापू ठोसरांना विचारावं, बरा झालो म्हणजे नक्की कसं वाटतं. सकाळी कसं वाटतं. इतकं मला जाणून घ्यायचं होतं ते. मूठभर का होईना, काहीतरी हवं होतं.

"नाना," मी म्हणाले, "तुम्ही जा. मला आत जायचंय."

माझा आवाज फार मोठा निघाला असावा, कारण पोलीस जागा झाला. नानांनी माझ्याकडे बघितलं. मग छत्री मिटली, पायरी चढून वर आले आणि बापूंच्या बाकावर, पण दुसऱ्या टोकाला, बसले.

पुढे मी बरी झाले हे इथंच सांगून टाकते, उगाच घोर नको. त्या वर्षी आखणीला पनवेलहून माणूस बोलावावा लागला, माल थोडा पडेल किमतीत गेला आणि आभाळ काही कोसळलं नाही. नवरात्राच्या सुमाराला एका सकाळी मृणालच्या बोलण्यावर मी वेळेवर हसले, आणि ती बोलायची थांबून माझ्याकडे बघत राहिली. मधे एकदा दुखणं उलटलंही, तेव्हा काय करायचं ते माहीत होतं.

तर बापूंनी आपला नंबर आम्हाला दिला आणि आम्ही आत गेलो. कर्णिक बाई माझ्याहून फार मोठ्या नसतील. टेबलावर कागद होते, पण त्या कागदाकडे कमी आणि माणसाकडे जास्त बघायच्या. त्यांनी मला विचारलं, "झोप कशी असते?"

मी शब्द जुळवत होते तेवढ्यात नानाच बोलले. कोर्टात साक्षीदार बोलतो तसे ताठ बसून, समोरच्या भिंतीकडे बघत.

"पहाटे जाग येते. दूधवाल्याच्याही आधी. मग काय केल्या डोळा लागत नाय. छातीवर कोणी पाटा ठेवलाय असं होतं. मग पडून काय करायचं, म्हणून उठायचं नि कामाला लागायचं."

मी नानांकडे बघितलं. मला तर हलवून उठवायला लागायचं, त्यांना ते ठाऊक होतं. पण सांगायचं बळ नव्हतं. म्हटलं, चुकलं असेल घाबरून.

"जेवण?" बाईंनी विचारलं. मला नाही, त्यांना.

"वेळ झाली की जेवायचं. ताटात काय होतं ते हात धुताना आठवत नाय."

"माणसांत मिसळावंसं वाटतं?"

"माणसांत बरं असतं. म्हणजे बरं हाय असं दाखवता येतं. घरी आलं की त्याचाच शीण येतो."

"आणि जगणं नकोसं वाटतं?"

"तसं नाय. पण वाटतं की झालं आता. आपलं काम उरकलंय. बोलावणं आलं तर पायात चपला घालून निघावं."

बाईंनी पेन खाली ठेवलं. पण त्या नानांना काही बोलल्या नाहीत. खुर्ची माझ्याकडे वळवून म्हणाल्या, "आता तुमच्या शब्दांत सांगा. सावकाश."

मी सांगितलं. ब्रशचं, झोपेचं, मृणालच्या ओठांचं, रमाकांतना बोलले होते ते. अडखळत, उलटसुलट. बाई मधे मधे विचारत होत्या. माहेरी कुणाला असं होतं का, असंही त्यांनी विचारलं. मी नाही म्हणाले, आणि मग मला माझा धाकटा मामा आठवला. वर्षातून काही महिने तो माळ्यावर पडून असायचा, आणि आजोबा त्याला ऐतखाऊ म्हणायचे. आम्ही पोरंही म्हणायचो.

"हा आजार आहे," बाई म्हणाल्या. "आळस नाही, नाटक नाही, देवाचा कोप नाही. कधी घराण्यात असतो, कधी एखाद्या दुःखानं सुरू होतो, कधी काही कारण हाताला लागतच नाही. कारण लागलं नाही म्हणून आजार खोटा ठरत नाही. मधुमेहाला कुणी विचारतं का, तुला कमी काय आहे? गोळ्यांचा गुण यायला काही आठवडे जातील, तोवर धीर धरायचा. नसावंसं वाटणं वाढलं, तर शनिवारची वाट बघायची नाही, त्याच क्षणी घरच्यांना सांगायचं. आणि घरच्यांनी एकटं सोडायचं नाही."

"सोडत नाय," नाना म्हणाले.

माझ्या डोळ्यांना धारा लागल्या. दुःखानं नव्हे. माझ्या दुखण्याला नाव आहे, ते आणखी कुणाकुणाला होतं, आणि ते ह्या बाईंना माहीत आहे, एवढ्यानंच मला रडू आलं. किती दिवसांनी आलं होतं. नानांनी खिशातला रुमाल काढून माझ्यापुढे धरला. त्यालाही शाडूची धूळ होती.

बाईंनी माझं रडणं ओसरू दिलं. मग त्या नानांकडे वळल्या.

"बाबा, ह्यांना तर दिवसभर झोप येते. मग पहाटे जाग कोणाला येते?"

नाना छत्रीच्या मुठीवर अंगठा फिरवत बसले. मला वाटलं आता ते रागावतील, उठतील.

"हिची सासू गेली," ते म्हणाले, "त्या पावसाळ्यापासून."

"कोणाला बोललात?"

"बोलायचं काय? सगळे म्हणतात, नाना ह्या वयात पहाटे उठून कारखाना उघडतात. पोरांना माझं उदाहरण देतात. मी म्हटलं, असेल, कौतुकाचंच असेल." त्यांनी मान वर केली, पण बाईंकडे नाही, माझ्याकडे. एवढा मोठा, कुणापुढे न वाकलेला माणूस. त्यांचा चेहरा पार उघडा पडला होता, आणि तो मला दिसतोय हे त्यांना कळत होतं. "हिनं नवऱ्याला जे सांगितलं ना, ते रमाकांतनं मला सांगितलं, तेव्हा मी हबकलो. मला वाटलं, हिला कसं कळलं."

मी त्यांच्या हातावर हात ठेवला. सासऱ्याच्या अंगाला असा हात लावायची आमच्याकडे रीत नाही. त्यांनी तो काढून घेतला नाही.

थोड्या वेळानं ते खाकरले. "शैला," ते म्हणाले, "तू जरा बाहेर बसतेस?"

मी बाहेर आले आणि माझ्यामागे दार लागलं. ओटीवरची गर्दी ओसरली होती. आतून नानांचा आवाज येत होता. शब्द कळत नव्हते, पण तो थांबत नव्हता. लग्न होऊन त्या घरात आल्यापासून मी त्यांना सलग इतकं बोलताना ऐकलं नव्हतं.

बापू ठोसरांनी माझ्याकडे पाहिलं, माझ्या मागे नाना नाहीत हे पाहिलं, बंद दाराकडे पाहिलं. बाकावरची छत्री उचलून त्यांनी खाली ठेवली आणि मला जागा करून दिली.

"बस पोरी," ते म्हणाले. "पहिल्या खेपेला वेळ लागतो."